यादीत चौदा ठिकाणं, हातात चार तास

वाचकांचे प्रश्न : छोट्या बसमधून शहरदर्शन

गाइडसोबत दहा-वीस जणांच्या बसमधून शहर पाहण्याबद्दल बरीच पत्रं आली आहेत. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत. उत्तरं कुठल्याही शहरात उपयोगी पडतील अशी आहेत. जिथे नियमाचा दाखला लागला, तिथे त्या जागेचं नाव दिलं आहे.

प्रश्न : आम्ही चौघं एका मोठ्या शहरात दोन दिवस असू. एका सहलीच्या पत्रकात चार तासांत चौदा ठिकाणं आहेत, दुसरीत तेवढ्याच वेळात सहा. पैसे जवळपास सारखेच. मग चौदावाली घेतलेली बरी ना?

सहावाली घ्या. कागद-पेन्सिल घेऊन हिशेब करा म्हणजे पटेल.

चार तास म्हणजे २४० मिनिटं. माणसं वेगवेगळ्या हॉटेलांवरून गोळा करायची असतील तर त्यात सहज ४० मिनिटं जातात आणि शेवटी सोडायला तेवढीच. हा वेळ बऱ्याचदा चार तासांतच धरलेला असतो. उरली १६०. स्वच्छतागृहासाठी एकदा थांबायचं तर सोळा माणसं, दोन खोल्या, माणशी दोन मिनिटं, म्हणजे १६ मिनिटं. उरली १४४. एका ठिकाणाहून दुसरीकडे जायला गर्दीच्या शहरात सरासरी दहा मिनिटं धरली तर चौदा ठिकाणांच्या मधले तेरा टप्पे १३० मिनिटं खातात. हातात राहिली १४ मिनिटं, म्हणजे ठिकाणामागे एक. आणि चढ-उतार अजून धरलेलीच नाही! सोळा माणसं एका दारातून उतरायला दोन-तीन मिनिटं, पुन्हा चढून, बसून, मोजदाद होऊन बस हलायला चार-पाच. म्हणजे प्रत्येक थांब्यामागे सात मिनिटं तिथेच गेली.

हाच हिशेब सहा ठिकाणांना लावा. मधले पाच टप्पे, ५० मिनिटं. उरली ९४. त्यातल्या चार ठिकाणी उतरलात तर चढ-उतारीची २८ वजा जाऊन प्रत्येक जागी सोळा मिनिटं मिळतात. हाही वेळ फार नाही, पण चौक डोळे भरून पाहायला, एक फेरी मारायला आणि गाइडला दोन प्रश्न विचारायला पुरतो.

चौदावाली कंपनी खोटं बोलते असं नाही. पत्रकात 'पाहू' म्हटलेल्या बहुतेक ठिकाणी बस थांबणारच नसते, एवढंच. म्हणून पत्रक वाचताना प्रत्येक नावापुढे काय लिहिलंय ते बघा. 'प्रवेश' असेल तर आत जायचं, आणि मग तिकीट दरात धरलंय का ते विचारायचं. 'फोटोसाठी थांबा' म्हणजे खाली उतरून दहा मिनिटं. 'बाहेरून दर्शन' म्हणजे कधी उतरून, कधी नुसतं खिडकीतून. 'वाटेत दिसेल' म्हणजे लक्ष असेल तरच दिसेल. पुढे काहीच लिहिलेलं नसेल तर बुकिंग करण्याआधी विचारा : खाली कुठे कुठे उतरायचं आणि तिथे किती मिनिटं? तो मार्ग रोज चालवणारा माणूस हे आकडे न अडखळता सांगतो. समोरच्याला ते सांगता येत नसतील, तर तो दुसऱ्याच कोणाची तरी सहल विकतोय असं समजा.

आणखी एक. मोठं संग्रहालय अर्ध्या दिवसाच्या बससहलीत घेऊच नये. ४५ मिनिटांत कपाटं मागे पडतात, लक्षात काही राहत नाही, आणि तेवढ्यासाठी सहलीचे दोन चांगले थांबे जातात. तिथे दुसऱ्या दिवशी स्वतंत्र जा.

प्रश्न : 'छोटा गट' म्हणजे नेमके किती जण?

ठरलेली व्याख्या नाही. कोणी ८ जणांना छोटा गट म्हणतं, कोणी २५ जणांना. व्हेनिसने ऑगस्ट २०२४ पासून गाइडसोबतच्या गटाला २५ची मर्यादा घातली आणि गाइडच्या लाउडस्पीकरवर बंदी आणली. पण तो गल्ल्या मोकळ्या राहाव्यात म्हणून केलेला नियम आहे. २५ जणांत सगळ्यांना सगळं दिसतं-ऐकू येतं असा त्याचा अर्थ नाही.

युरोपातल्या सहलींत ८ आणि १६ हे आकडे वारंवार दिसतात. ते वाहन परवान्याच्या नियमाशी जुळणारे आहेत. चालक सोडून ८ प्रवाशांपर्यंतची गाडी साध्या मोटारीच्या परवान्यावर चालते, आणि १६ प्रवासी व ८ मीटर लांबीपर्यंतच्या मिनीबससाठी डी-१ हा वेगळा परवाना लागतो. याचा तुमच्याशी संबंध असा, की ८ जणांच्या गाडीत अनेकदा चालक हाच गाइड असतो. गाडी चालवता चालवता तो छान बोलतो, पण जिथे गाडी लावायला जागा नाही तिथे तो तुमच्यासोबत खाली उतरू शकत नाही. तुम्हाला दारात सोडतो, 'वीस मिनिटांनी इथेच' म्हणतो आणि चक्कर मारून येतो. ज्यांना जागेवर उभं राहून समजून घ्यायचंय त्यांनी गाइड आणि चालक वेगळे असलेली, बारा ते सोळा जणांची सहल निवडावी. आमच्या मते हाच सगळ्यात चांगला आकार : गाइडला चेहरे लक्षात राहतात, आणि बस अरुंद रस्त्यातही शिरते.

कंपनीला 'साधारण किती असतात' असं विचारू नका, 'जास्तीत जास्त किती' विचारा. लगेच दुसरा प्रश्न विचारा, की हा आकडा बसमधल्या माणसांचा की एका गाइडमागच्या? पन्नास जणांची बस आणून खाली उतरल्यावर तीन गाइडमागे वाटून देतात, आणि त्यालाही छोटा गट म्हणतात. तशा बसमध्ये चढ-उतारीचा वेळ पन्नास जणांचाच लागतो.

गट छोटा असला की दुसरी बाजूही येते. किमान माणसं जमली नाहीत तर सहल रद्द होते. ती किती तास आधी कळवणार आणि पैसे पूर्ण परत की दुसऱ्या दिवसाची जागा, हे अटींमध्ये लिहिलेलं असतं. तेवढा परिच्छेद वाचाच.

प्रश्न : माझ्या बारा वर्षांच्या मुलीला बस लागते. लांबच्या प्रवासात गोळी देते, पण शहरातल्या शहरात फिरायला त्रास होणार नाही ना?

होऊ शकतो, आणि कधी कधी महामार्गापेक्षा जास्त. कानाच्या आतला तोल सांभाळणारा भाग 'आपण हलतोय' सांगतो आणि डोळे बसच्या आत खिळलेले असले तर ते 'स्थिर आहोत' सांगतात. या दोन निरोपांत मेळ बसला नाही की मळमळतं. शहरात सिग्नलला थांबणं, झटक्यात निघणं, वळणं सतत चालू असतात. त्यात गाइड 'उजवीकडे बघा, आता डावीकडे' म्हणतो आणि माणूस चालत्या बसमध्ये मान गरागरा फिरवत बसतो. ज्यांना बस लागते त्यांच्यासाठी हे सगळ्यात वाईट.

जागा पुढच्या दोन-तीन ओळींतली मागा, जिथून समोरची काच दिसते. शेवटची ओळ कधीही नको. मिनीबसची मागची सीटं मागच्या चाकांच्याही पलीकडे असतात, त्यामुळे खड्ड्यात ती जास्त उसळतात आणि वळणावर जास्त झोकांडतात. जागा आधीच राखून ठेवता येतात का ते बुकिंग करतानाच लिहून विचारा. सकाळी बसच्या दारात सांगितलं तर पुढच्या जागा भरलेल्या असतात.

मुलीला सांगा : डोकं सीटला टेकव, समोर लांब बघ, बाजूचं प्रत्येक दाखवलेलं बघायलाच हवं असं नाही. फोनवर नकाशा बघणंही बंद. पोट रिकामं नको आणि तुडुंबही नको. एसीचा झोत तोंडावर येईल असा वळवा. गोळी निघण्याच्या अर्धा ते एक तास आधी घेतली तर उपयोग, मळमळ सुरू झाल्यावर फारसा नाही. यातल्या बऱ्याच गोळ्यांनी झोप येते, म्हणून अर्ध्या दिवसाच्या सहलीसाठी कुठली आणि किती द्यायची हे डॉक्टरांना विचारूनच ठरवा.

कससं व्हायला लागलं की लगेच गाइडला सांगा. उलटी होईपर्यंत थांबू नका. शहरात बस हवी तिथे उभी करता येत नाही, परवानगीची जागा येईपर्यंत पाच-सात मिनिटं सहज जातात. पिशवी सीटच्या खिशात ठेवा, वरच्या फळीवरच्या बॅगेत नको.

प्रश्न : आईचे गुडघे दुखतात. 'चालणं अगदी कमी' असं कंपनीने सांगितलंय. विश्वास ठेवावा का?

'कमी' हे उत्तर घेऊ नका, आकडे घ्या. पाच गोष्टी विचारा. सगळ्यात लांब एकसलग चाल किती मीटरची? पायऱ्या किती आणि कठडा आहे का? चढ आहे का? खाली दगडी फरसबंदी आहे का? आणि बसची पहिली पायरी जमिनीपासून किती उंच?

शेवटचा प्रश्न बहुतेक लोक विचारत नाहीत, आणि नेमका तिथेच त्रास होतो. शहर वाहतुकीच्या मोठ्या बसचा तळ खाली असतो. सहलीच्या मिनीबस पुष्कळदा व्हॅनच्या सांगाड्यावर बांधलेल्या असतात; त्यांची पायरी उंच आणि दार अरुंद. सहा थांबे म्हणजे सहा वेळा उतरणं आणि सहा वेळा चढणं, तेही मागे माणसं खोळंबलेली असताना. उतरताना गुडघ्यावर भार जास्त येतो. दाराची दांडी दोन्ही बाजूंना आहे का, चालक पायरीखाली ठेवायला स्टूल देतो का, हे विचारून ठेवा. आईंना दाराजवळची जागा द्या आणि उतरताना सगळ्यात शेवटी उतरवा, म्हणजे घाई होत नाही. दुखरा पाय आधी खाली आणि चढताना बरा पाय आधी वर, एवढं लक्षात ठेवलं तरी फरक पडतो.

'नाहीच जमलं तर आई बसमध्ये बसून राहील' हा बेत मात्र आधी विचारल्याशिवाय करू नका. माणसं उतरली की बस अनेकदा लांबच्या वाहनतळावर जाते. शिवाय उभ्या गाडीचं इंजिन चालू ठेवायला बऱ्याच शहरांत बंदी आहे. इंजिन बंद म्हणजे एसी बंद. उन्हाळ्यात बंद काचांच्या बसमध्ये वयस्कर माणसाला बसवणं धोक्याचं आहे. थांब्याजवळ बाक किंवा सावलीची जागा कुठे आहे हे गाइडला माहीत असतं. त्याला विचारा आणि आईंना तिथे बसवा.

घडीची व्हीलचेअर नेणार असाल तर घडी केल्यावरची लांबी-रुंदी मोजून कळवा. मिनीबसला सामानाची जागा बेताची असते.

प्रश्न : माहिती दोन भाषांत देणारी सहल स्वस्त आहे. काय बिघडतं?

वेळ निम्मा होतो. चालत्या बसमध्ये हे जास्त जाणवतं : पहिल्या भाषेत सांगून होईपर्यंत इमारत समोर असते, दुसऱ्या भाषेची पाळी येते तेव्हा ती मागे गेलेली असते. तुमची भाषा दुसरी असेल तर पूर्ण सहलभर मागे वळून बघत राहाल. दोन भाषा चालवून घ्यायच्या असतील तर थांबून, उतरून सांगणारी सहल घ्या. तिथे फक्त वेळ जातो, दृश्य जात नाही.

प्रश्न : कानात घालायचं यंत्र देतात ते खरंच लागतं का? बाबा श्रवणयंत्र वापरतात, त्यांना जमेल?

सोळा जणांच्या गटाला मोकळ्या, शांत जागी लागत नाही. रहदारीच्या चौकात आणि घुमणाऱ्या मोठ्या दालनात लागतं. गाइडच्या गळ्यात माइक आणि प्रक्षेपक, तुमच्या गळ्यात रिसीव्हर. घेताना बसपाशीच तीन गोष्टी तपासा : चॅनेलचा आकडा गाइडच्या आकड्याशी जुळतो का, बॅटरी पुरेशी भरलेली आहे का, आवाज दोन्ही टोकांना कमी-जास्त होतो का. आत गेल्यावर 'माझं चालत नाही' म्हटलं तर बदली यंत्र बसमध्ये राहिलेलं असतं.

आवाज खरखरायला लागला की तुम्ही मागे पडताय, पावलं उचला. मोकळ्यावर लांबून ऐकू येणारा गाइड एका जाड भिंतीमागे गेला की तुटतो. स्वतःचा इअरफोन वापरायचा असेल तर वायरचा आणा, या रिसीव्हरला बहुधा गोल पिनच बसते. बाबांच्या श्रवणयंत्रात टी-कॉइलची (चुंबकीय लहरींतून आवाज पकडणारी) सोय असेल तर कंपनीला गळ्यात घालायचा इंडक्शन लूप मिळतो का विचारा. तो रिसीव्हरला जोडला की आवाज थेट श्रवणयंत्रात येतो. मिळत नसेल तर कानावरून बसणारा मोठा हेडफोन चालतो, कानात खुपसायचा नाही.

काही जागी यंत्र असूनही गाइड गप्प राहतो. व्हॅटिकनच्या सिस्टीन चॅपलमध्ये गाइडला बोलायला परवानगी नाही, म्हणून तिथली सगळी माहिती बाहेर, चित्रफलकांसमोर आधीच सांगतात. तो भाग कंटाळवाणा समजून फोटो काढत फिरणाऱ्याला आत गेल्यावर छताकडे नुसतं बघत राहावं लागतं.

प्रश्न : बसच्या काचेतून फोटो नीट येत नाहीत. चकाकी येते.

फोन काचेला जवळजवळ टेकवा, पण दाबू नका; दाबला की काचेची थरथर फोटोत उतरते. गडद रंगाचा सदरा घाला, पांढऱ्याचं प्रतिबिंब काचेत येतं. शटरचा वेग ठरवता येत असेल तर सेकंदाचा १/५०० किंवा त्याहून जलद. भिंगावर चकाकी कमी करणारा ध्रुवीकरण (पोलरायझिंग) फिल्टर लावला असेल तर काढून ठेवा, कडक केलेल्या काचेतून त्याने इंद्रधनुषी डाग दिसतात. बाजूला सरकणारी जवळची वस्तू पुसट येणारच, म्हणून तिरकं पुढे बघून फोटो घ्या.

जागेबद्दल एक सांगायला हवं. सगळ्यांना फुटपाथच्या बाजूची खिडकी हवी असते. पण उंच इमारत त्या बाजूला इतकी जवळ येते, की मिनीबसच्या बुटक्या खिडकीतून तिचे पहिले दोन मजलेच दिसतात. रस्त्यापलीकडची इमारत शिखरापर्यंत दिसते ती दुसऱ्या खिडकीतून. नदी किंवा समुद्रकाठाने जाणारा मार्ग असेल तर पाणी कुठल्या हाताला आहे ते नकाशात बघून जागा घ्या.

प्रश्न : दिवसभराच्या सहलीत जेवणाची सुट्टी पाऊण तास. ती वीस मिनिटं करून एक ठिकाण वाढवा असं गटाने सांगितलं तर ऐकतील का?

ऐकणं त्यांच्या हातात नसतं. युरोपीय संघात नऊपेक्षा जास्त जणांच्या (चालक धरून) गाड्यांना चालकाच्या वेळेचा नियम आहे : एकूण साडेचार तास गाडी चालवली की ४५ मिनिटं विश्रांती घेतलीच पाहिजे. ती निदान १५-१५ मिनिटांच्या दोन भागांत तोडता येते, पण एकूण ४५ मिनिटं टाळता येत नाहीत, आणि गाडीतल्या उपकरणात त्याची नोंद होते. तुमच्या जेवणाची वेळ पुष्कळदा चालकाच्या विश्रांतीवर बसवलेली असते. जिथे असा नियम नाही तिथेही दमलेल्या चालकाला घाई करायला लावू नका.

प्रश्न : गटातलं कोणी उशिरा आलं, किंवा आपणच चुकलो तर?

उतरताना, बसचं दार बंद होण्याआधी, तीन गोष्टी पक्क्या करा : किती वाजता, नेमकं कुठे, आणि गाइडचा फोन नंबर. 'अर्ध्या तासाने' हे उत्तर चालवून घेऊ नका, घड्याळातली वेळ मागा. शेवटचा माणूस उतरेपर्यंत पहिल्याची तीन मिनिटं गेलेली असतात. 'कुठे' हेही विचाराच, कारण बस जिथे सोडते तिथूनच घेईल असं नाही. जुन्या भागांत बसला उभं राहायला ठराविक मिनिटंच मिळतात, कधी सोडण्याची जागा एक आणि घेण्याची दुसरी असते. बसच्या समोरच्या बाजूचा, नंबरपाटी दिसेल असा फोटो काढून ठेवा. एकाच रंगाच्या पाच बस ओळीने उभ्या असतात तेव्हा तो फार उपयोगी पडतो.

बस निघून गेली तर हॉटेलकडे जाऊ नका. गाइडला फोन करा आणि टॅक्सीने पुढच्या थांब्यावर गाठा. त्यासाठी पुढचे थांबे आणि वेळा यांचा फोटो फोनमध्ये हवा. दुसरं कोणी वारंवार उशीर करत असेल तर त्याच्याशी वाद घालू नका, गाइडशी बाजूला बोला. चांगला गाइड पहिल्याच थांब्यावर नियम सांगतो आणि पहिल्याच उशिराला तो पाळून दाखवतो. तिथे त्याने सूट दिली तर दुपारपर्यंत शेवटचं ठिकाण गळालेलं असतं.

प्रश्न : सहल कुठल्या दिवशी ठेवावी?

बंद दिवस आधी बघा. पॅरिसचं लूव्र संग्रहालय मंगळवारी बंद, तिथलंच ओर्से संग्रहालय सोमवारी, ताजमहाल शुक्रवारी, व्हॅटिकनची संग्रहालयं महिन्याचा शेवटचा रविवार सोडून रविवारी. बंद दिवशीही सहल निघते, फक्त 'प्रवेश'चं 'बाहेरून दर्शन' होतं.

बंद दिवस टाळून मुक्कामाच्या सुरुवातीचा दिवस घ्या, पण पोहोचलात तोच दिवस नको. विमानाला उशीर झाला तर पैसे बुडतात, आणि लांबच्या प्रवासानंतर मऊ सीटवर, एसीमध्ये, माइकवरच्या संथ आवाजात झोप लागतेच. दुसऱ्या दिवशी सकाळची सहल सगळ्यात चांगली : रस्ते मोकळे असतात, आणि बसमधून जे आवडलं तिथे दुपारी पायी परत जाता येतं. त्यासाठी सहल संपताना हॉटेलवर परतायची सक्ती नसते हे लक्षात असू द्या. 'मला शेवटच्या थांब्यालाच सोडा' असं गाइडला आधी सांगून ठेवा, म्हणजे माणसं मोजताना तो तुमची वाट बघत बसणार नाही.